हात लावण्याआधी

गाय पान्हा चोरते हे धार काढणाऱ्याला कुणी शिकवावं लागत नाही. १९४१ साली अमेरिकेत इली आणि पीटरसन या संशोधकांनी त्यामागचं कारण शोधलं, तेही जरा अतरंगी पद्धतीनं. धारेच्या वेळी त्यांनी गाईच्या पाठीवर मांजर बसवलं आणि शेजारी कागदी पिशव्या फुगवून फोडल्या. गाय बिथरली आणि दूध उतरेना. अ‍ॅड्रेनॅलिन टोचलं तरी तोच प्रकार. कासेत दूध होतंच. पण पान्हा सोडवणाऱ्या ऑक्सिटोसिनच्या आड भीती आली होती.

प्राण्यांची वागणूक हा विषय पशुवैद्यकाच्या अभ्यासात का हवा, याचं उत्तर मला या प्रयोगात दिसतं. वागणूक आणि शरीर ही दोन खाती नाहीत. तरी ताप, नाडी, श्वास डॉक्टरांनी पाहायचे आणि ‘स्वभाव’ मालकानं सांभाळायचा, अशी वाटणी आपण वर्षानुवर्षं चालवली. लॉरेन्झ, टिनबर्गन आणि फॉन फ्रिश यांना १९७३ साली नोबेल मिळालं, वर्तनशास्त्राला मान मिळाला. गोठ्यापर्यंत तो यायला वेळ लागला. १९८८ मध्ये बेंजामिन हार्ट या पशुवैद्यकानं मांडलं की आजारी जनावर वैरण टाकतं, मान पाडून बसतं, अंग चाटणं सोडतं, ते निव्वळ अशक्तपणामुळे नव्हे. तापाच्या जोडीनं जंतूंशी लढण्याची शरीराची ती रीत आहे.

तपासणी म्हणूनच दावणीपासून चार पावलं लांब उभं राहून सुरू होते. खाद्यातून तार किंवा खिळा पोटात गेलेली गाय पाहा. पाठीला बाक, पुढच्या पायांची कोपरं अंगापासून फाकलेली, उतारावर पाय टाकायला नकार, बसता-उठताना कण्हणं. स्टेथोस्कोप कानाला लावण्याआधीच एवढं दिसतं. मात्र अनोळखी माणूस अंगावर आला की तीच गाय दुखणं दडवते. शिकार होणाऱ्या प्राण्याला अशक्तपणा दाखवणं परवडत नाही.

कधी कधी हे वाचन डॉक्टरच्याच जिवावर बेतणारं असतं. पिसाळलेली गाय दरवेळी अंगावर धावून येत नाही. ती घोगऱ्या आवाजात हंबरत राहते, लाळ गाळते, तिला गिळता येत नाही. मालक म्हणतो, घशात काहीतरी अडकलंय. आणि नवखा डॉक्टर उघड्या हातानं तोंडात चाचपतो. कालपासून ती वेगळी वागतेय का, कुत्रं चावलं होतं का, हे त्याआधी विचारायला हवं.

शहरातल्या दवाखान्यात चित्र निराळं, मुद्दा तोच. घाबरलेल्या मांजराच्या रक्तातली साखर एवढी चढते की मधुमेहाचा संशय यावा. ट्रेबाहेर लघवी करणारं मांजर खोडसाळ ठरतं, आणि मूत्राशय सुजलंय का हे बघायचं राहून जातं. उलट प्रत्येक लाथेमागे मानसशास्त्र शोधण्याचीही हौस नको. आधी दुखतंय कुठे ते पाहावं.

जनावर धरण्याबद्दल माझं मत थोडं कडक आहे. चार माणसं आणि दोरखंड ही बऱ्याचदा जनावराची गरज नसते, आपली घाई असते. टेम्पल ग्रँडिन यांनी अमेरिकेत गुरांच्या वाटांमध्ये स्वतः उतरून पाहिलं, की जनावर अडतं ते लोंबणाऱ्या साखळीपाशी, जमिनीवरच्या सावलीपाशी, कुंपणावर टाकलेल्या कोटापाशी. गाईला जवळजवळ सभोवार दिसतं, फक्त थेट मागचं दिसत नाही. आपण नेमके तिथूनच थर्मामीटर घेऊन जातो.

या विषयात येणाऱ्यांना एक सांगणं आहे. आपल्याकडे जनावर दवाखान्यात आणतो तो बहुधा घरातला पुरुष. शेण काढणारी, वैरण टाकणारी, पुष्कळदा धारही काढणारी असते ती बाई. म्हशीचा मुका माज तिच्या नजरेतून सहसा सुटत नाही. रवंथ कधी थांबला, रेडकाला जवळ येऊ देणं कधी बंद झालं, हेही तिलाच ठाऊक असतं. केसपेपरवर तिच्यासाठी रकाना नाही; तेव्हा मालकाला म्हणावं, घरी फोन लावा आणि वहिनींकडे द्या.