स्फटिकाची जादू

आमच्या सीमाभागातील कोणत्याही शाळेचा हजेरीपट उघडा. मुलांच्या नावांत नसला तरी वडिलांच्या रकान्यात एखादा चंद्रकांत किंवा सूर्यकांत हमखास सापडेल. ही दोन्ही नावे मुळात मण्यांची. चंद्रकिरण पडताच पाझरतो तो चंद्रकांत, सूर्यकिरणांनी आग ओकतो तो सूर्यकांत, असा संस्कृत कवींचा संकेत. सूर्यकांतामागे भिंगासारख्या स्फटिकाचा अनुभव असू शकेल. पाझरणारा चंद्रकांत मात्र काव्यातच राहिला.

स्फटिकात काही शक्ती निद्रिस्त आहे आणि योग्य स्पर्श होताच ती जागी होते, ही कल्पना युरोपातही होती. एकोणिसाव्या शतकात तिला शास्त्राचा अंगरखा चढविला तो बॅरन कार्ल फॉन रायखेनबाख (१७८८-१८६९) याने. हा गृहस्थ भोंदू नव्हता. पॅराफिनचे मेण आणि क्रिओसोट यांचा शोध लावणारा तो नामांकित जर्मन रसायनतज्ज्ञ होता. १८४५ साली त्याने जाहीर केले, की लोहचुंबकातून आणि स्फटिकांतून एक सूक्ष्म शक्ती बाहेर पडते. नॉर्स देव ओडिन याच्या नावावरून त्याने तिला ‘ओड’ म्हटले. अंधाऱ्या खोलीत स्फटिकाच्या टोकाशी तिच्या निळसर-तांबूस ज्योती दिसतात म्हणे. पण त्या सर्वांना नव्हे, फक्त ‘संवेदनशील’ माणसांना! त्याचे पहिले साक्षीदार म्हणजे बहुतांशी आजारी तरुणी. ज्याला ज्योत दिसली नाही तो संवेदनशील नाही, एवढे म्हटले की वाद मिटला. सिद्धान्त खोटा ठरण्याची वाटच बंद झाली, आणि माझ्या मते तो शास्त्राच्या हद्दीबाहेर गेला तो याच क्षणी.

ओडला खरे घर मिळाले ते कादंबरीत. एडवर्ड बुल्वर-लिटन याने १८७१ साली ‘द कमिंग रेस’मध्ये भूगर्भात राहणारी एक जमात कल्पिली आणि तिच्या हाती ‘व्रिल’ नावाची सर्वसमर्थ शक्ती दिली. तिचे वर्णन करताना ओडचा उल्लेखही केला. कादंबरीत ते शोभते. आपणही १९९४ साली दूरदर्शनवर ‘चंद्रकांता’तील तिलिस्म डोळे विस्फारून पाहिलेच की. पण पुढे काही मंडळी व्रिल खरीच आहे असे मानू लागली, आणि ‘बोव्हरिल’ हे गोमांसाच्या अर्काचे नावही तिच्यावरूनच पडले!

याच सुमारास पॅरिसमध्ये दोन भाऊ वेगळ्या मार्गाने निघाले होते. १८८० साली झाक आणि पिअर क्युरी यांनी काही स्फटिक दाबून पाहिले. दाब पडताच पृष्ठभागावर विद्युतभार आला. दाब जितका अधिक, तितका भार अधिक. पिअर तेव्हा अवघा एकवीस वर्षांचा होता. त्यांच्या स्फटिकांत क्वार्ट्झ होता, टूर्मलीन होता आणि उसाची साखरही होती, म्हणजे आपली खडीसाखरच. दुसऱ्या वर्षी त्यांनी उलटेही दाखविले: वीज दिली की स्फटिक किंचित आकार बदलतो. हे पाहायला संवेदनशील असण्याची गरज नव्हती, मोजमापाची होती.

आता अनुनादाची गोष्ट. मिरजेच्या कारागिराने बनविलेली सतार पाहा. वरची तार छेडली की तिच्या स्वराशी जुळलेली तरफेची तार न छेडता झंकारते. न जुळलेली गप्प राहते. प्रत्येक वस्तूला आपला असा एक स्वर असतो आणि त्याच लयीत तिला धक्के मिळाले तर ती जोमाने कंप पावते. स्फटिकाचे तसेच. त्याला त्याच्या लयीत विजेचे धक्के दिले की तो विलक्षण नियमितपणे थरथरतो. या गुणावर १९२७ साली अमेरिकेतील बेल प्रयोगशाळेत पहिले क्वार्ट्झ घड्याळ उभे राहिले. ते मनगटावर आले २५ डिसेंबर १९६९ रोजी, जपानच्या सेइकोच्या ‘ॲस्ट्रॉन’मधून. आजच्या साध्या मनगटी घड्याळात चिमट्याच्या आकाराचा क्वार्ट्झचा इवलासा तुकडा सेकंदाला ३२,७६८ वेळा कंप पावतो. ही संख्या लहरीने निवडलेली नाही. पंधरा वेळा निम्मी करा, बरोबर एक उरतो, आणि सेकंद काटा एक घर पुढे सरकतो. बेंगळूरच्या एच.एम.टी.च्या चावीच्या घड्याळांवर वाढलेल्या आमच्या पिढीला सेलवरच्या घड्याळाचा अचूकपणा चमत्कारासारखा वाटला होता, तो या विभागणीचा.

गेल्या काही वर्षांत दहावीच्या परीक्षेआधी मुलांच्या गळ्यांत स्फटिकाचे लॉकेट दिसू लागले आहे. ‘याची कंपने एकाग्रता वाढवितात,’ असे विक्रेता सांगतो. ‘सेकंदाला किती कंपने?’ असे मी एका पालकांना विचारले. ते म्हणाले, ‘सर, ती मोजायची नसतात, ती जाणवावी लागतात.’ त्या लॉकेटला ना कोणी वीज देते, ना दाब. टेबलावरच्या पेपरवेटइतकेच ते स्वस्थ असते. त्यासाठी मोजलेल्या पैशांत त्या मुलाची गणिताची दोन गाइडे आली असती.

अंधारातली ज्योत पाहायचीच असेल तर एक खात्रीचा उपाय आहे. फ्रान्सिस बेकनने १६२० साली त्याची नोंद केलेली आहे. दिवे मालवून खोली पूर्ण अंधारी करा. दहा मिनिटे डोळे सरावू द्या. मग कोरड्या खडीसाखरेचा खडा अडकित्त्यात धरून फोडा. खडा तुटताना विद्युतभार विलग होतात, हवेतील नायट्रोजन क्षणभर उजळतो आणि पात्याशी निळसर ठिणगी दिसते. ती आजोबांना दिसते, नातवाला दिसते, आणि शंका घेत शेजारी उभ्या असलेल्या जावयालाही दिसते.