माळ्यावरच्या तबकड्या

१९५६ साली राज्यांची पुनर्रचना झाली. जुन्या मध्य प्रदेशाची राजधानी नागपूर होती, नव्याची भोपाळ ठरली, आणि आपल्यापैकी कित्येक घरांतले आजोबा बदलीचा हुकूम हाती घेऊन इथे आले. त्याच सुमारास पिपलानी-बरखेड्याकडे हेवी इलेक्ट्रिकल्सचा कारखाना उभा राहू लागला आणि आणखी मराठी घरे आली. ग्वाल्हेर-इंदूरकडची तर त्याआधीपासूनच येत होती. या घरांच्या ट्रंकांमध्ये भांडीकुंडी, देव आणि पोथ्यांबरोबर कधी कधी मोडी कागदांचा एखादा रुमालही असे. असा रुमाल आजही काही घरांत आहे. कागद धड आहे, शाईही टिकली आहे, पण वाचणारा घरात उरलेला नाही. वस्तू जपली गेली, तिच्यातला मजकूर मात्र हाताला लागत नाही.

अशीच दुसरी एक ठेव त्या आजोबांच्या नातवंडांनी, म्हणजे आमच्या पिढीने, माळ्यावर ठेवून दिली आहे. ती म्हणजे व्हिडिओ गेमच्या सीडी. मंडळातले आम्ही काही पस्तिशी-चाळिशीतले कार्यकर्ते गेले वर्षभर या तबकड्यांच्या मागे लागलो आहोत. त्या निमित्ताने जो इतिहास कळला तो आपल्यापुढे ठेवतो.

१९९० च्या दशकात आपल्याकडे 'टीव्ही गेम' म्हणजे समुराई किंवा लिटल मास्टरसारखे यंत्र आणि त्यात खोचायची 'कॅसेट'. ती नावाचीच कॅसेट. आत फीत नसे, एक चिप असे. चिप महाग, तिच्यात जागा थोडी, आणि ती तयार व्हायलाही वेळ लागे. सीडी मात्र छापखान्यातल्या पुस्तकासारखी स्वस्तात हजारोंनी छापता येत असे आणि एका सीडीवर साधारण ६५० मेगाबाइट मावत. जपानमध्ये एनईसी कंपनीने १९८८ च्या डिसेंबरात आपल्या गेम यंत्राला सीडीची जोड दिली. पुढे निन्टेन्डो आणि सोनी मिळून असेच यंत्र काढणार होते. पण १९९१ च्या जूनमध्ये शिकागोच्या प्रदर्शनात सोनीने हे यंत्र जाहीर केले आणि दुसऱ्याच दिवशी निन्टेन्डोने फिलिप्सशी हातमिळवणी जाहीर केली. सोनीतले अभियंते केन कुतारागी यांनी तरीही काम सोडले नाही. ३ डिसेंबर १९९४ रोजी जपानमध्ये प्लेस्टेशन विक्रीला आले. पुढे त्याची विक्री १० कोटींवर गेली. १९९७ चा 'फायनल फॅन्टसी ७' हा गेम तर तीन सीडींवर भरला होता. कॅसेटवर ते शक्यच नव्हते.

प्लेस्टेशनच्या तबकडीची खालची बाजू काळी असे. नक्कल होऊ नये म्हणून हा काळा रंग आहे, असे आम्ही लहानपणी एकमेकांना सांगत असू. पण काळ्या रंगातून वाचणारा किरण सहज पार होतो. खरे कुलूप दुसरीकडे होते. तबकडीच्या अगदी आतल्या वर्तुळात, मजकूर सुरू होण्याआधी, खाचेला एक बारीक नागमोडी कंप दिलेला असे आणि त्या कंपात चार अक्षरे लपवलेली असत. जपानसाठी वेगळी, अमेरिकेसाठी वेगळी, युरोपसाठी वेगळी. घरच्या रायटरला असा कंप उमटवता येत नाही. म्हणून बाजारात यंत्राला 'चिप बसवून' देत. ती चिप यंत्राला तीच चार अक्षरे ऐकवत राही आणि यंत्र फसे. अस्सल तबकडीची किंमत बहुतेक घरांच्या आवाक्याबाहेर होती, त्यामुळे आपल्या माळ्यांवर अस्सल छापील तबकड्या कमी आणि रायटरवर लिहिलेल्या जास्त सापडतात.

१९९८ नंतर 'ब्रायन लारा क्रिकेट' आले, पुढे ईएचे क्रिकेट, आणि सुट्टीच्या दुपारी एका यंत्राभोवती आठ-दहा मुले जमू लागली. मार्च २००० मध्ये जपानमध्ये प्लेस्टेशन २ आले. त्यात डीव्हीडी चाले. आत नव्या प्रोसेसरबरोबर जुन्या प्लेस्टेशनचा प्रोसेसरही ठेवलेला होता, म्हणून जुन्या सीडीही चालत. 'क्रिकेट ०७' याच यंत्रावर गाजले.

आणि याच यंत्रावर भारतीय हातांनी केलेले गेम प्रथमच अशा तबकड्यांवर आले. २००९ मध्ये हैदराबादच्या ऑरोना टेक्नॉलॉजीजचा 'हनुमान : बॉय वॉरियर' आला. त्याच वर्षी हैदराबादच्याच गेमशास्त्रने 'देसी अड्डा' काढला. त्यात कबड्डी, विटी-दांडू आणि पतंगबाजी होती. मुंबईच्या ट्राइन गेम्सने २०१० मध्ये 'स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स' आणले, त्यात गल्लीतले क्रिकेट होते. जगात इतरत्र लोक पुढच्या यंत्रावर गेले होते, तेव्हा आपल्याकडे हे स्वस्त झालेले यंत्र अजून घरोघरी चालू होते. २०१३ च्या सुरुवातीला सोनीने प्लेस्टेशन २ चे उत्पादन थांबवले आणि हे दालन मिटले.

आता या तबकड्यांची अवस्था पाहू. छापील तबकडीत चकाकणारा अॅल्युमिनियमचा थर असतो आणि त्यावर लाखेसारखे पातळ रोगण. रोगणाला चरा गेला की हवा आत शिरते आणि थर खराब होतो. लिहिलेल्या सीडीत रंगद्रव्याचा थर असतो, तो ऊन आणि उष्णतेने फिका पडतो. भोपाळच्या मे महिन्यात माळ्यावर काय तापमान असते ते आपण जाणतोच. यंत्रांचेही तेच. पहिल्या प्लेस्टेशनमध्ये भिंगाची सरकपट्टी झिजली की सीडी अडखळे. मग मुले यंत्र उलटे ठेवून खेळत आणि ते चालेही. आज उलटे ठेवूनही चालत नाही. भिंग थकले, सुटे भाग दुर्मीळ झाले, आणि ती तार जोडायला नव्या टीव्हीला भोकही नाही.

इथे एम्युलेटर कामाला येतो. एम्युलेटर म्हणजे एका यंत्राचे सोंग दुसऱ्या यंत्राला हुबेहूब वठवायला लावणारा प्रोग्राम. कल्पना जुनी आहे. आयबीएमने १९६४ मध्ये 'सिस्टिम/३६०' हे संगणक जाहीर केले, तेव्हा ग्राहकांचे जुन्या १४०१ संगणकावरचे प्रोग्राम वाया जाऊ नयेत म्हणून नव्या यंत्राला जुन्याचे सोंग घ्यायला शिकवले होते. प्लेस्टेशनचा प्रोसेसर सेकंदाला सुमारे ३ कोटी ३८ लाख ठोके देई, मेमरी २ मेगाबाइट होती. एम्युलेटर गेममधली एकेक आज्ञा वाचतो, तिचा आजच्या संगणकाच्या भाषेत अर्थ लावतो आणि चित्र, आवाज, सीडीचे फिरणे या सगळ्यांचा ताल जुळवून ठेवतो. मोडी वाचणारा मजकूर बदलत नाही, तो आपल्याला ऐकू येईल असा करतो. एम्युलेटरचेही तसेच आहे.

१९९९ च्या जानेवारीत कनेक्टिक्स कंपनीचा 'व्हर्च्युअल गेम स्टेशन' मॅकवर्ल्डच्या व्यासपीठावरून स्टीव्ह जॉब्स यांनी दाखवला. साध्या मॅकवर प्लेस्टेशनची सीडी चालत होती. सोनीने दावा लावला. कनेक्टिक्सने सोनीच्या यंत्रातला बायोस, म्हणजे यंत्र सुरू करणारा मूळ प्रोग्राम, अभ्यासासाठी उतरवून घेतला होता. मात्र विकलेल्या वस्तूत स्वतः लिहिलेला प्रोग्राम घातला होता. १० फेब्रुवारी २००० रोजी अमेरिकेच्या नवव्या सर्किट न्यायालयाने कनेक्टिक्सच्या बाजूने निकाल दिला. पुढच्या वर्षी सोनीने तो प्रोग्रामच विकत घेऊन बंद केला. 'ब्लीम' नावाचा दुसरा एम्युलेटरही न्यायालयात टिकला, पण खर्चाने खचला आणि २००१ च्या अखेरीस बंद पडला. पुढचे काम जगभरच्या हौशी मंडळींनी केले. पीसीएसएक्स२ २००२ पासून प्लेस्टेशन २ साठी आहे, डकस्टेशन २०१९ पासून पहिल्या प्लेस्टेशनसाठी. गंमत अशी, की डिसेंबर २०१८ मध्ये सोनीने जुन्या गेमचे छोटे 'प्लेस्टेशन क्लासिक' काढले, तेव्हा त्याच्या पोटात हौशी मंडळींनी मुक्तपणे वाटलेलाच एक एम्युलेटर होता.

आता आम्ही काय केले ते सांगतो, म्हणजे ज्यांना हे करायचे आहे त्यांना उपयोग होईल. आजच्या लॅपटॉपला सीडीचे दार नसते, म्हणून यूएसबीने जोडायचा डीव्हीडी ड्राइव्ह घेतला. प्लेस्टेशनच्या दोन्ही पिढ्यांच्या तबकड्या असा ड्राइव्ह वाचतो. तो नागमोडी कंप त्याला दिसत नाही, पण एम्युलेटर तो मागतही नाही. सेगाच्या ड्रीमकास्टची तबकडी मात्र वेगळ्या जातीची, ती साध्या ड्राइव्हवर उतरत नाही. तबकडी मऊ कापडाने मधून कडेकडे पुसायची, गोल गोल नाही. मग तिची पूर्ण प्रत उतरवायची. प्लेस्टेशन २ च्या डीव्हीडीला आयएसओची एक फाइल पुरते. पहिल्या प्लेस्टेशनच्या बऱ्याच सीडींवर मात्र पहिल्या ट्रॅकवर गेम आणि पुढच्या ट्रॅकवर साधे संगीत असते. तिथे 'बिन' आणि 'क्यू' अशी जोडी लागते. क्यू ही छोटीशी फाइल म्हणजे तबकडीची अनुक्रमणिका. ती नसेल तर गेम चालतो, पण मुका.

त्यानंतर बायोस. तो ५१२ किलोबाइटचा आहे आणि घरच्या यंत्रातूनच उतरवायचा. भारताच्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्याच्या कलम ५२ मध्ये, कायदेशीरपणे आपल्याजवळ असलेला प्रोग्राम हरवू किंवा बिघडू नये म्हणून प्रत ठेवण्याची मुभा आहे. दुसऱ्याची प्रत इंटरनेटवरून उचलण्याला ती लागू होत नाही. म्हणून आम्ही ठरवले की छापील तबकडी आणि यंत्र ज्या घरात आहे, त्या घराचीच प्रत करायची आणि ती त्याच घराला द्यायची.

सगळ्यात मोलाची वस्तू निघाली मेमरी कार्ड. पहिल्या प्लेस्टेशनचे कार्ड १२८ किलोबाइटचे, त्यात पंधरा खण. यूएसबी अडॅप्टरने ते संगणकात येते आणि एम्युलेटरला तसेच लावता येते. एका घरातल्या कार्डात दोन भावांनी अर्धवट सोडलेला सामना होता. थोरला आता परदेशात, धाकटा पुण्यात. दिवाळीला दोघे आले तेव्हा तो पुढे खेळले. आईने विचारले, "एवढी वर्षे तो तसाच थांबला होता का?" तसाच थांबला होता.

एक बारकावा मात्र ध्यानात ठेवावा. आपल्याकडे युरोपच्या तबकड्या चालत. त्यांतल्या बऱ्याच सेकंदाला साठऐवजी पन्नास चित्रे दाखवीत आणि खेळही सहाव्या हिश्शाने संथ होई. अमेरिकी तबकडी लावली तर तोच खेळ धावल्यासारखा वाटतो. आपल्या आठवणीतला वेग हवा असेल तर आपलीच तबकडी लागेल.

श्यामला हिल्सवरच्या मानव संग्रहालयात आपण पाहुण्यांना नेतो. तिथली आदिवासी घरे त्या त्या समाजाच्या माणसांनी येऊन स्वतःच्या हाताने, स्वतःच्या पद्धतीने बांधलेली आहेत. नुसती भांडी काचेत ठेवली असती तर चूल कुठे, ओटा कुठे, माणूस वाकून कुठून आत जातो, हे कळले नसते. तबकडीलाही तिचे घर लागते. २०२३ मध्ये अमेरिकेतल्या व्हिडिओ गेम हिस्ट्री फाउंडेशनने पाहणी केली. तिथे २०१० पूर्वी निघालेल्या गेमपैकी ८७ टक्के आज बाजारात रीतसर मिळत नाहीत, असे तिच्यात आढळले. मोठ्या कंपन्यांचे गाजलेले गेम कोणी ना कोणी पुन्हा काढेल. हैदराबादची विटी-दांडू आणि मुंबईचे गल्ली क्रिकेट पुन्हा काढण्यात कोणाला फायदा? ते टिकायचे तर ज्यांच्या माळ्यावर ते आहेत त्यांनीच टिकवायचे.

तेव्हा यंदा गौरीच्या साफसफाईत माळा उघडाल तेव्हा काळ्या तबकड्या आणि जुने यंत्र भंगारवाल्याला देऊ नका. मेमरी कार्ड वेगळे काढून पाकिटात ठेवा. पाकिटावर कोण खेळत असे, कोणत्या साली, कोणत्या क्वार्टरमध्ये, एवढे लिहा. मोडीच्या रुमालावर आपल्या पूर्वजांनी असे काही लिहून ठेवले असते, तर आज आत कोणाचे कागद आहेत एवढे तरी आपल्याला कळले असते.