वाफ, दाब आणि कपभर एस्प्रेसो

घरी छोटं एस्प्रेसो मशीन घ्यायचंय? मग आधी थोडा इतिहास. १९०१ साली मिलानच्या लुइजी बेझेरानं पेटंट घेतलेल्या यंत्रात पाणी ढकलायची ती बॉयलरमधली वाफच. दाब जेमतेम दीड बार. वाढवायचा तर बॉयलर आणखी तापवा; म्हणजे कॉफी करपणार, वर स्फोटाची भीती! १९४० च्या दशकात अकिले गाज्जियानं तरफेचा पिस्टन आणला, १९६१ साली फाएमाच्या ई६१ नं विजेचा पंप. दाब उष्णतेपासून सुटला: ९ बार, तरी पाणी उकळीच्या खाली.

म्हणून खोक्यावरच्या '१५ बार'ला भुलू नका. ती पंपाची कमाल मर्यादा. तापमान स्थिर राहतं का, सेफ्टी व्हॉल्व्ह आहे का, ते बघा. बिनपंपाचं वाफेवालं मशीन असेल, तर दाब उतरल्याशिवाय झाकण उघडायचं नाही. कुकरचाच नियम, दुसरं काय!