चुराडा न झालेला देश : फिनलंडचे हिवाळी युद्ध आणि त्याची कथने

रवींद्रनाथ ठाकुरांच्या ‘सानाई’ या १९४० साली प्रसिद्ध झालेल्या संग्रहात ‘अपघात’ नावाची एक कविता आहे. उतरत्या उन्हातले बंगाली खेडे, पेंढ्याने भरलेल्या गाड्या, निर्मनुष्य शेत, गळ टाकून बसलेले कोणीतरी. कवितेला कसलीही घाई नाही. आणि अखेरीस एक तार येऊन थडकते : सोव्हिएत बॉम्बवर्षावाखाली फिनलंडचा चुराडा झाला. कविता तेथेच थांबते. दहा वर्षांपूर्वी, १९३० साली, हाच कवी रशियाला जाऊन आला होता आणि तेथील शिक्षणप्रसाराने प्रभावित होऊन त्याने ‘राशियार चिठी’ लिहिली होती. हे ध्यानात घेतले म्हणजे शीर्षकातील ‘अपघात’ कोणकोणाचा, हा प्रश्न उभा राहतो.

तथापि ती तार इतिहासाच्या कसोटीवर पूर्णपणे खरी ठरली नाही. फिनलंडचा चुराडा झाला नाही. तो जिंकलाही नाही. चिरडले न जाणे आणि जिंकणे यांच्या मधली जी जागा आहे, तिला शब्दरूप देण्यासाठी फिनिश, रशियन व पाश्चात्त्य साहित्याने निरनिराळे मार्ग चोखाळले. एकाच युद्धाची ही कथने परस्परांशेजारी ठेवून वाचली, तर प्रत्येकाने काय सांगितले यापेक्षा प्रत्येकाने काय गाळले हे अधिक उद्बोधक ठरते.

युद्धाची हकिगत थोडक्यात अशी. २३ ऑगस्ट १९३९ च्या जर्मन–सोव्हिएत कराराच्या गुप्त पुरवणीत फिनलंड सोव्हिएत प्रभावक्षेत्रात टाकला गेला होता. ऑक्टोबरमध्ये मॉस्कोने वाटाघाटींना बोलावणे धाडले. कारेलियाच्या संयोगभूमीवरील सीमा लेनिनग्राडपासून जेमतेम ३२ किलोमीटरवर होती. ती मागे सरकवावी, फिनलंडच्या आखातातील बेटे द्यावीत आणि हांको हे ठाणे भाडेपट्ट्याने द्यावे, अशा मागण्या होत्या. मोबदल्यात उत्तरेकडील विरळ वस्तीचा, क्षेत्रफळाने दुप्पट प्रदेश देऊ केला होता. एस्टोनिया, लाटव्हिया व लिथुएनिया यांनी त्याच सुमारास सोव्हिएत तळांना मान्यता दिली. फिनलंडने नकार दिला. २६ नोव्हेंबरला माइनिला या सीमेवरील खेड्यात तोफगोळे पडल्याचा आरोप सोव्हिएत बाजूने केला. दोन दिवसांनी १९३२ चा अनाक्रमण करार मोडीत काढला आणि ३० नोव्हेंबरच्या सकाळी हेलसिंकीवर बॉम्ब पडले. एका बाजूला सुमारे ३७ लाख लोकांचा देश, दुसऱ्या बाजूला १७ कोटींचा. युद्ध १०५ दिवस चालले.

येथे एक गोष्ट नोंदवणे आवश्यक आहे, कारण दंतकथेत ती हरवते. पुढे या प्रतिकाराचा मूर्तिमंत पुतळा ठरलेले सेनापती मान्नरहाइम हे वाटाघाटींच्या काळात सवलती देण्याच्या मताचे होते. सैन्याची दशा त्यांना ठाऊक होती. गणवेशांचा तुटवडा इतका होता की अनेकांना स्वतःच्याच कपड्यांवर कमरपट्टा आणि टोपीवरचे राष्ट्रचिन्ह लावून आघाडीवर जावे लागले. पंतप्रधान कायांदेर यांच्या नावाने ‘कायांदेर पद्धतीचा पोशाख’ असा उपरोधिक शब्दप्रयोग त्यातून रूढ झाला. मान्नरहाइम यांची मातृभाषा स्वीडिश. तारुण्यातील जवळजवळ तीस वर्षे त्यांनी झारच्या सैन्यात घालवली होती. वयाच्या बाहत्तराव्या वर्षी ते ज्या राष्ट्राचे प्रतीक बनले, त्याच्या बहुसंख्यांची भाषा ते अडखळत बोलत. राष्ट्रप्रतीके शुद्ध मातीचीच असावी लागतात, हा समज तपासून पाहण्यास हे उदाहरण पुरेसे आहे.

याहूनही मोठे कोडे अंतर्गत ऐक्याचे होते. १९१८ मध्ये स्वातंत्र्यानंतर काही आठवड्यांतच फिनलंडमध्ये ‘पांढरे’ आणि ‘तांबडे’ यांच्यात यादवी पेटली. लढाईत, सूडाच्या गोळीबारात आणि नंतर बंदिछावण्यांतील उपासमारीत मिळून ३६,००० हून अधिक माणसे मेली. मान्नरहाइम हे त्या यादवीत विजयी पांढऱ्यांचे सेनापती. ज्यांचे बाप-भाऊ त्यांच्या सैन्याने गोळ्या घालून मारले, ते कामगार वीस वर्षांनी त्यांच्याच हुकुमाखाली लढतील काय? मॉस्कोचा अंदाज ‘नाही’ असा होता. १ डिसेंबर १९३९ रोजी तेरियोकी या सीमेजवळच्या गावी ‘फिनिश लोकशाही प्रजासत्ताका’चे सरकार स्थापन झाल्याची घोषणा झाली. त्याच्या शिरोभागी ओट्टो विल्ले कूसिनेन, १९१८ च्या पराभवानंतर रशियात गेलेले फिनिश क्रांतिकारक. दुसऱ्याच दिवशी सोव्हिएत संघाने या सरकारशी करार केला. कागदोपत्री मग हे आक्रमण उरलेच नाही. मित्रसरकारला दिलेली मदत झाली. राजकारणात कल्पितकथा कशी रचली जाते याचा हा अभिजात नमुना होय. परंतु त्या कथेला वाचक मिळाला नाही. स्टॉकहोममध्ये असलेले फिनिश साम्यवादी नेते आर्वो तुओमिनेन यांनीच त्या सरकारात जाण्याचे नाकारले. कामगार पांढऱ्यांच्या सैन्यात हजर झाले आणि २३ जानेवारी १९४० रोजी मालकांच्या संघटनेने कामगार संघटनांना वाटाघाटीतील समान पक्ष म्हणून प्रथमच मान्यता दिली. ‘हिवाळी युद्धाची वृत्ती’ असे जिला फिनिश लोक म्हणतात, तिच्या मुळाशी केवळ देशभक्ती नव्हती. हा उशिरा झालेला व्यवहारही होता.

साहित्यात या सांध्यावर उभे असलेले नाव म्हणजे फ्रान्स एमिल सिल्लान्पॅ. १९१९ मध्ये, यादवीच्या जखमा ताज्या असताना, पांढऱ्यांनी गोळ्या घातलेल्या एका दरिद्री, बावळट कुळाची कहाणी त्यांनी ‘हुर्स्कास कुर्युस’ या कादंबरीत सांगितली होती. पांढऱ्या विजयाच्या ऐन भरात तांबड्या माणसाचे आयुष्य सहानुभूतीने लिहिणे सोपे नव्हते. १० नोव्हेंबर १९३९ रोजी, आक्रमणाच्या अवघ्या वीस दिवस आधी, त्यांना नोबेल पारितोषिक जाहीर झाले. त्याच शरदात, मुलगा सैन्यात असताना, त्यांनी सैनिकांसाठी एका कूचगीताचे शब्द लिहिले आणि ते देशभर गाइले गेले. वाङ्मयीन दृष्ट्या हे गीत त्यांच्या कादंबऱ्यांच्या पासंगाला पुरणारे नाही. पण १९१९ ची कादंबरी ज्याने लिहिली, त्याच हाताने ते लिहिले, यात त्याचे खरे वजन आहे.

तरीही युद्धकथनाचा साचा सिल्लान्पॅ यांनी घडवलेला नव्हता. तो जुना होता. योहान लुडविग रुनेबर्ग यांनी १८४८ आणि १८६० मध्ये दोन भागांत प्रसिद्ध केलेले ‘फेन्रिक स्टोल’चे काव्यमय आख्यान १८०८–०९ च्या युद्धाविषयी आहे. त्या युद्धात स्वीडन हरले आणि फिनलंड झारच्या ताब्यात गेला. म्हणजे फिनिश वीरकाव्याचा आद्य ग्रंथ हरलेल्या युद्धावर, आणि तोही स्वीडिश भाषेत रचलेला. फाटक्या कपड्यांचा, अर्धपोटी, मंदबुद्धी वाटणारा पण पुलावर एकट्याने उभा राहणारा शिपाई ही प्रतिमा शाळेच्या पुस्तकांतून तीन-चार पिढ्यांच्या अंगी मुरली होती. १९३९ च्या सैनिकाला आपण कोणासारखे वागायचे, हे कवितेने आधीच शिकवून ठेवले होते, असे म्हटल्यास फारशी अतिशयोक्ती होणार नाही.

प्रत्यक्ष लढाईची भाषा मात्र रुनेबर्गची नव्हती. ती लाकूडतोड्यांची होती. लाडोगा सरोवराच्या उत्तरेकडील जंगलांत सोव्हिएत तुकड्या अरुंद रस्त्यांवर लांबच लांब पसरत. स्कीवरून आलेले फिनिश सैनिक रस्ता ठिकठिकाणी तोडून त्या रांगेचे तुकडे करीत, आणि मग एकेक तुकडा वेढून थंडीच्या हवाली करीत. अशा तुकड्याला त्यांनी ‘मोत्ती’ हे नाव दिले. फिनिशमध्ये मोत्ती म्हणजे तोडून, रचून, नंतर उचलण्यासाठी ठेवलेल्या सरपणाचा एक घनमीटर ढीग. माणसांच्या वेढलेल्या समूहाला सरपणाचा शब्द लावण्यात किती क्रौर्य आणि किती रोजच्या कामाचा निर्विकारपणा आहे, हे ठरवणे कठीण. सोव्हिएत विमाने बॉम्ब नव्हे तर उपाशी फिनिश जनतेसाठी अन्न टाकत आहेत, असे मोलोतोव्ह यांनी म्हटल्याचे पसरले, तेव्हा त्या बॉम्बना ‘मोलोतोव्हची पावाची टोपली’ हे नाव पडले, आणि टोपलीसोबत पेय हवे म्हणून रणगाड्यांवर फेकायच्या पेटत्या बाटलीला ‘मोलोतोव्ह कॉकटेल’. या युद्धाने जगाच्या शब्दकोशाला दिलेली ही एकमेव चिरस्थायी देणगी असावी.

सुओमुस्साल्मी आणि राते रस्त्यावरील लढाई (डिसेंबर १९३९–जानेवारी १९४०) या पद्धतीचा कळस मानली जाते. कर्नल सीलास्वुओ यांच्या संख्येने कितीतरी कमी असलेल्या फौजेने तेथे सोव्हिएत १६३ व ४४ या क्रमांकांच्या डिव्हिजनांची वाताहत केली. विजयकथा येथे संपते. पण ४४ वी डिव्हिजन युक्रेनमधून आणलेली होती. उणे ४० अंशांच्या आसपास घसरणाऱ्या थंडीत, पुरेशा हिवाळी साहित्याविना, रस्ता सोडून जंगलात शिरणे ठाऊक नसलेली ही मुले रस्त्यातच गोठली. त्यांचा सेनापती विनोग्रादोव्ह वाचला, त्याला त्याच्याच पक्षाने गोळ्या घातल्या. युद्धानंतर परत पाठवलेल्या पाच हजारांहून अधिक युद्धकैद्यांपैकी बहुतेकांची रवानगी श्रमछावण्यांत झाली. संपूर्ण युद्धात सोव्हिएत बाजूचे १,२६,००० हून अधिक लोक मृत वा बेपत्ता झाले. फिनलंडचे सुमारे २५,०००.

या मृतांना कथन कोणी द्यावे? अधिकृत सोव्हिएत इतिहासात हे युद्ध एक ‘सीमासंघर्ष’ बनून राहिले. अलेक्सांद्र त्वार्दोव्स्की त्या आघाडीवर वार्ताहर होते. लेनिनग्राड लष्करी जिल्ह्याच्या वृत्तपत्रात काही लेखकांनी मिळून ‘वास्या त्योर्किन’ नावाचा एक खुशालचेंडू चित्रमालिका-शिपाई निर्माण केला. जर्मनीविरुद्धच्या युद्धात त्वार्दोव्स्कींनी त्यालाच घेऊन ‘वासिली त्योर्किन’ हे दीर्घकाव्य रचले आणि तो रशियन वाङ्मयातील सर्वांत लाडका सैनिक झाला. आपला जन्म कोणत्या युद्धात झाला हे त्या नायकाला जवळजवळ विसरावे लागले. पण कवी विसरला नव्हता. १९४३ मध्ये, रशियाच्या महायुद्धाच्या ऐन मध्यावर, त्वार्दोव्स्कींनी ‘दोन ओळी’ ही छोटी कविता लिहिली. जुन्या वहीतील दोन ओळींच्या टिपणातून फिनलंडच्या बर्फावर १९४० साली मेलेला एक पोरगेला शिपाई त्यांना आठवतो, आणि तेथे आपणच पडलो आहोत असे वाटते. ज्या युद्धाला कीर्ती मिळाली नाही, त्यात मेलेल्याचे दुःख कोणत्या खात्यावर मांडायचे, ही कवितेची वेदना आहे. या युद्धावर जे काही लिहिले गेले त्यात ही कविता अग्रस्थानी ठेवावी लागेल, आणि ती आक्रमक पक्षाच्या कवीची आहे.

पाश्चात्त्य जगाने मात्र फिनलंडकडे एक रूपककथा म्हणून पाहिले. १४ डिसेंबर १९३९ रोजी राष्ट्रसंघाने सोव्हिएत संघाला बडतर्फ केले. सहानुभूती उदंड, सैन्य शून्य. अमेरिकन नाटककार रॉबर्ट शेरवुड यांचे ‘देअर शॅल बी नो नाइट’ हे नाटक एप्रिल १९४० मध्ये न्यूयॉर्कला रंगभूमीवर आले, तेव्हा तह होऊन महिना लोटला होता. नायक हेलसिंकीतील शांततावादी शास्त्रज्ञ, जो अखेरीस बंदूक हाती घेतो. नाटकाला १९४१ चे पुलित्झर पारितोषिक मिळाले. त्याच वर्षी जूनमध्ये फिनलंड जर्मनीच्या बाजूने पुन्हा रशियाविरुद्ध युद्धात उतरला, आणि रूपककथा अडचणीत आली. १९४३ च्या लंडन प्रयोगासाठी शेरवुड यांनी कथानक उचलून ग्रीसमध्ये नेले. पात्रांची नावे बदलली, आक्रमक बदलला, नाटक उभे राहिले. इतक्या सहजी जी कथा देश बदलू शकते, ती मुळात फिनलंडविषयी कितपत होती, असा प्रश्न तौलनिक अभ्यासकाने विचारलाच पाहिजे.

फिनिश साहित्यात साचा मोडण्याचे काम वॅइनो लिन्ना यांनी केले. तांपेरेच्या कापड गिरणीत काम करणाऱ्या या लेखकाची ‘तुन्तेमातोन सोतिलास’ (१९५४) १९४१–४४ च्या युद्धावर आहे. हिवाळी युद्धावर नाही. पण रुनेबर्गचा नम्र, निमूट शिपाई तिच्यातल्या शिव्या देणाऱ्या, अधिकाऱ्यांची टर उडवणाऱ्या बोलीभाषिक सैनिकांपुढे टिकत नाही. पुढच्या त्रिखंडात्मक कादंबरीत (१९५९–६२) लिन्ना १९१८ कडे परतले. तिच्यातील तांबड्या सेनानायकाचे मुलगे पुढच्या युद्धांत देशासाठी मरतात. ‘वृत्ती’ची किंमत कोणत्या घरांनी चुकवली, हे तेथे दिसते. हिवाळी युद्धाला त्याची अलिप्त कादंबरी मिळण्यास १९८४ उजाडावे लागले. अन्ती तूरी यांच्या ‘तालविसोता’मध्ये कौहावा परिसरातील एक शेतकरी-सैनिक कसलाही अलंकार न वापरता दिवसामागून दिवस सांगत जातो. खंदक, तोफमारा, ओळखीच्या माणसांचे मरण. वर्णन कंटाळवाणे होण्याच्या सीमेवर येते, आणि तीच त्याची सचोटी आहे.

कारण शेवट विजयाचा नव्हताच. ११ फेब्रुवारी १९४० रोजी सुम्मा येथे संरक्षणफळी फुटली. १२ मार्चला मॉस्कोत तह झाला. १३ मार्चला बंदुका थांबल्या. युद्धाआधी मागितले होते त्याहून पुष्कळ अधिक गेले : संपूर्ण संयोगभूमी, वीपुरी शहर, लाडोगाचा काठ. मग लढून काय मिळाले? १९४० च्या उन्हाळ्यात तिन्ही बाल्टिक राष्ट्रे सोव्हिएत संघात विलीन करून घेण्यात आली, हे त्याचे एक उत्तर आहे आणि ते वजनदार आहे. २०२२ मध्ये युक्रेनवरील आक्रमणानंतर हेच उत्तर पुन्हा चर्चेत आले, आणि एप्रिल २०२३ मध्ये फिनलंड नाटोत गेला. परंतु चार लाखांहून अधिक कारेलियन माणसे, देशाच्या लोकसंख्येचा जवळपास नववा हिस्सा, गुरेढोरे घेऊन भर हिवाळ्यात घरे सोडून निघाली. त्यांतील बहुसंख्य लोक १९४१ नंतर परतले, जळलेली घरे पुन्हा उभारली आणि १९४४ मध्ये दुसऱ्यांदा निघाले. त्यांच्या लेखी ‘चुराडा झाला नाही’ या वाक्याचा अर्थ वेगळा होता.

गेलेल्या भूमीत राइवोला हे खेडे होते. आधुनिक स्वीडिश काव्याची जननी म्हणावी अशी एडिथ सोडरग्रान तेथे राहिली आणि १९२३ मध्ये तेथेच पुरली गेली. आज त्या गावाचे नाव रोश्चिनो आहे. तिची कबर नेमकी कोठे होती हे कोणी दाखवू शकत नाही. वीपुरीत आल्वार आल्तो यांनी उभारलेले, १९३५ साली पूर्ण झालेले नगर ग्रंथालय दीर्घकाळ पडझडीत राहिले. २०१३ मध्ये त्याचा जीर्णोद्धार पूर्ण झाला. छतातील गोल झरोक्यांतून उतरणाऱ्या प्रकाशात तेथे आता रशियन वाचक बसतात.