पटाचं घड्याळ आणि भिंतीवरची रेघ

मंडळी, जे हे व्याख्यान नंतर ऐकतील किंवा वाचतील त्यांच्यासाठी आधी सांगतो की आम्ही आज एकोडीत आहोत, भंडारा जिल्ह्यात. समोर शाळेची मुलं बसलीत, मागं पालक. व्याख्यानाआधी आम्ही एक खेळ मांडला होता. टेबलावर काडेपेटीएवढी एक पट्टी, तिला दोन गोल डोळे. पट्टी लॅपटॉपला जोडलेली. समोर जमिनीवर खडूनं चार मीटरची रेघ. मूल त्या रेघेवरून चालू लागलं की भिंतीवर त्याच वेळी आलेख उमटतो. आडवा काळ, उभं अंतर.

पहिला मुलगा सरळ चालत गेला, रेघ तिरकी वर गेली. मग त्याला म्हटलं, थांब. तो थांबला. भिंतीवरची रेघ मात्र आडवी पुढं सरकत राहिली. तो वळून बघतच राहिला. म्हणाला, "सर, मी थांबलो, मग रेघ कशी चालते?"

आम्ही पीएच.डी.च्या काळात झेनोच्या बाणावर दोन वर्षं घातली. उडणारा बाण प्रत्येक क्षणी कुठंतरी असतो, म्हणजे त्या क्षणी तो स्थिर, मग तो उडतो कधी? ही अडचण आपल्याला अ‍ॅरिस्टॉटलच्या लिखाणातून कळते. त्या मुलाचा प्रश्न त्याच घराण्यातला. त्याला वाटत होतं की भिंतीवरची रेघ म्हणजे आपली वाट. ती वाट नव्हे, काळ आपल्याला न विचारता पुढं जातो त्याची ती खूण. हे नववीच्या पुस्तकातल्या पहिल्याच धड्यात, 'गतीचे नियम' मध्ये, आहे. मुलं ते पाठही करतात. पण पाठ असणं आणि मान वळवून भिंतीकडे बघत राहणं, यात फरक आहे. आज आपण बोलणार आहोत तो त्या फरकाबद्दल.

आता मागं बसलेल्या मंडळींना त्यांच्या ओळखीचं उदाहरण देतो. शंकरपट. जोडी सुटते, दान पार करते, हल्ली बऱ्याच पटांत घड्याळ लावतात आणि सेकंदाचे तुकडे मोजून निकाल देतात. घड्याळ एकच आकडा सांगतं. अंतर भागिले वेळ, झाली सरासरी. पण जाणता माणूस घरी जाताना काय बोलतो? "सुटली बरी, पण मधात मंदावली." म्हणजे त्याला आकड्याच्या आतलं हवं असतं. अमुक जागी, अमुक क्षणी वेग किती? हा प्रश्न ऐकायला साधा आहे, पण माणसाला त्याचं उत्तर मांडायला शेकडो वर्षं लागली.

आपल्याकडे त्या प्रश्नाला फार जुन्या काळी हात घातला गेला होता, आणि तो पंचांगासाठी. चंद्र रोज सारखा चालत नाही. कधी दिवसाला बारा अंशांच्या जवळपास, कधी पंधराच्या. तिथी केव्हा संपते हे काढायचं तर 'दिवसाला इतकं' हा आकडा चालत नाही, कारण दिवसभरातच चाल बदलते. भास्कराचार्य 1150 साली 'सिद्धान्तशिरोमणी'त म्हणूनच तात्कालिक गतीची गोष्ट काढतात. तिथीचा शेवट जवळ असेल तर त्या वेळची गती घ्या, दूर असेल तर दिवसाची चालेल. मुंजालानं त्यांच्याही आधी, दहाव्या शतकात, या गणिताची वाट दाखवली होती. यावरून 'कलनशास्त्र आपणच शोधलं' अशी हाकाटी काही जण करतात, ती आम्हाला पटत नाही. तिथं सामान्य सिद्धांत नाही. एका विशिष्ट गरजेतून आलेली फार नेमकी जाण मात्र आहे, आणि तेवढं पुरे आहे.

आम्हाला खरं कौतुक वाटतं ते पुढच्या गोष्टीचं. चाळीसगावजवळ पाटणला एक शिलालेख आहे, 1207 सालचा. भाऊ दाजींनी तो अभ्यासकांपुढं आणला. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव, यादव राजा सिंघणाच्या पदरचा ज्योतिषी, यानं आजोबांचे ग्रंथ शिकवण्यासाठी मठ काढला, त्याला दिलेल्या दानांची नोंद त्या लेखात आहे, आणि ती जुन्या मराठीत आहे. म्हणजे आठशे वर्षांपूर्वी महाराष्ट्रात गती शिकवण्यासाठी लोकांनी आपल्या वाट्यातून काही दिलं, आणि ते लोकांच्या भाषेत दगडावर कोरून ठेवलं.

इथं शब्दांची एक भानगड सांगून टाकतो. वैशेषिक दर्शनात गतीला 'कर्म' म्हणतात. उत्क्षेपण, अवक्षेपण, आकुंचन, प्रसारण, गमन, असे पाच प्रकार. आणि 'वेग' हा तिथं पदार्थात राहणारा एक संस्कार आहे, बाण सुटल्यावर त्याला पुढं नेणारा. पाठ्यपुस्तकात वेग म्हणजे एकक काळातलं विस्थापन. घरात आपण म्हणतो, "त्याच्या हाताला वेग आहे." पोरगं वर्गात येतं ते घरचा अर्थ घेऊन येतं, आणि तो अर्थ वैशेषिकांच्या जास्त जवळ आहे. मग चाल, वेग, त्वरण हे शब्द त्याच्या डोक्यात एकमेकांवर चढून बसतात. चूक मुलाची नाही.

मोजण्याकडे येऊ. गॅलिलिओजवळ सेकंद दाखवणारं घड्याळ नव्हतं. त्यानं उतरत्या फळीतल्या पन्हाळीतून काशाची गोळी सोडली आणि पिंपातून बारीक धारेनं पाणी गोळा केलं. गोळी खाली पोचेपर्यंत जमलेलं पाणी तराजूत तोललं. काळाचं वजन केलं म्हणा ना. 1638 च्या ग्रंथात हे सगळं आहे. आपल्याला हे परकं वाटायचं कारण नाही. लग्नाचा मुहूर्त साधायला आपल्याकडे पाण्यात घटिकापात्र सोडत, तळाला बारीक भोक असलेलं. ते भरून बुडालं की एक घटका, चोवीस मिनिटं. 'घटका भरली' हे आपण अजून म्हणतो. ते पात्र काळाला पुरत होतं, गतीला पुरत नव्हतं, कारण गतीचा खेळ चोवीस मिनिटांचा नसतो.

पुढं 1784 मध्ये केंब्रिजच्या अ‍ॅटवुडनं कप्पीवर दोन जवळजवळ सारखी वजनं टांगून पडणंच मंद करून दाखवलं. 1882 मध्ये फ्रान्समध्ये मारेनं बंदुकीच्या आकाराचा कॅमेरा केला, सेकंदाला बारा चित्रं घेणारा, आणि उडत्या पक्ष्याचे पंख टिपले.

शाळेपर्यंत मात्र हे फार उशिरा आलं. अमेरिकेत 1956 साली एमआयटीत शालेय पदार्थविज्ञान नव्यानं बांधायला घेतलं गेलं, त्या लाटेत टिकर टायमर वर्गात रुळला. 50 हर्ट्‌झच्या विजेवर चालणारा, सेकंदाला पन्नास ठिपके मारणारा हातोडा. ट्रॉलीमागं कागदाची फीत, फितीवर ठिपके. पाच-पाच ठिपक्यांचे तुकडे कापून शेजारी-शेजारी चिकटवा. वेगाचा आलेख कात्रीनं तयार होतो! आम्हाला हे साधन आजही आवडतं.

'आजही' म्हणायला संकोच वाटतो, कारण आमच्या विद्यार्थिदशेत आम्ही ते काचेच्या कपाटात पाहिलं. कपाटाला कुलूप, किल्ली हेडसरांकडे. प्रयोगवहीत आम्ही गेल्या वर्षीच्या मुलाच्या वहीतली वाचनं उतरवली. आलेख इतका सरळ आला की दहापैकी नऊ गुण मिळाले. त्वरण म्हणजे काय हे आम्हाला नंतर, तत्त्वज्ञानाच्या वर्गात बसल्यावर उमगलं. हा वळसा कुणाला घ्यावा लागू नये असं वाटतं, म्हणून हे व्याख्यान.

टेबलावरच्या त्या डोळ्यांचा इतिहास मजेशीर आहे. 1978 मध्ये पोलरॉइड कंपनीनं एक कॅमेरा काढला, तो वटवाघळासारखा न ऐकू येणारा आवाज सोडून समोरच्या माणसाचं अंतर मोजायचा. मॅसॅच्युसेट्समधल्या रॉबर्ट टिंकर यांच्या गटानं तोच भाग काढून वर्गातल्या संगणकाला जोडला. आवाज सेकंदाला सुमारे 340 मीटर जातो. माणूस एक मीटरवर असेल तर जाऊन-येऊन सहा हजारांश सेकंद लागतात. यंत्र तेवढंच मोजतं, पण सेकंदातून अनेकदा. बाकी सगळं भागाकार.

मग 1987 मध्ये हेदर ब्रॅसेल यांनी एक बारीक गोष्ट तपासली. आलेख चालता-चालता दिसला तर मुलांना तो समजतो. तोच आलेख वीस-तीस सेकंद उशिरा दाखवला तर फायदा जवळजवळ नाहीसा होतो. वीस सेकंद! 1990 मध्ये थॉर्नटन आणि सोकोलोफ यांनी कॉलेजच्या मुलांवर असंच काम केलं. नुसती व्याख्यानं ऐकून वेगाचे सोपे आलेखही न जमणारी मुलं, स्वतः चालून पाहिल्यावर ते वाचू लागली. व्याख्यान देणाऱ्या माणसानं हे सांगावं, यात गंमत आहे खरी.

आज असा सेन्सर दोन-अडीचशे रुपयांच्या आत मिळतो. आखेनच्या विद्यापीठानं 2016 मध्ये काढलेलं 'फायफॉक्स' हे अ‍ॅप तर फुकट आहे, ते फोनमधलेच सेन्सर वापरतं. अटल टिंकरिंग लॅब मिळालेल्या शाळांत असे सुटे भाग येतात. तरी आमची एक तक्रार आहे. यंत्र मोजतं, भागाकार करतं, रेघही काढतं, आणि मुलाला वाटतं आलेख डबीतून येतो. म्हणून आम्ही शिक्षकांना सुचवतो की पहिला दिवस मीटरपट्टी आणि मोबाइलच्या स्टॉपवॉचचा. दर मीटरवर एक मूल उभं करा, धावणारा समोरून गेला की त्यानं घड्याळ दाबावं. वाचनं वाकडी येतील, भांडणं होतील. आलेख हातानं काढा. मग दुसऱ्या दिवशी डबी उघडा. आणि किल्ली वर्गातच राहू द्या.

शेवटचा खेळ आम्ही असा दिला होता. भिंतीवर आधी आलेख काढायचा आणि मुलांनी त्याप्रमाणे चालून दाखवायचं. डोंगरासारखा आलेख काढला तर दोघं-तिघं चढ चढल्यासारखी पावलं टाकू लागली. चौथीनं ओळखलं, लांब जायचं आणि परत यायचं. मग आम्ही खोडसाळपणे एक सरळ उभी रेघ काढली. बराच वेळ कुणी उठेना. एक मुलगी उठली, खडूच्या रेघेशी गेली, थोडं पुढं-मागं झाली आणि म्हणाली, "नाही जमत सर. एकाच टायमाला सगळीकडं उभं राहावं लागते."

आता प्रश्न घेऊ. आधी मुलांचे.