खोकल्यातून रक्त आणि 'आर ०४.२' : एका कोडमागचा इतिहास

डिस्चार्ज कार्डावर किंवा मेडिक्लेमच्या फॉर्मवर निदानाशेजारी एक अक्षर आणि काही आकडे लिहिलेले तुम्ही पाहिले असतील. खोकल्यातून रक्त पडले म्हणून दाखल झालेल्या रुग्णाच्या कागदावर पुष्कळदा 'आर ०४.२' असते. घरातले कोणीतरी ते मोबाइलवर शोधते, 'हिमॉप्टिसिस' असा भारदस्त शब्द सापडतो, आणि आजाराचे नाव कळले असे समजून फाइल कपाटात जाते.

पण हिमॉप्टिसिस हे आजाराचे नाव नाही. श्वसनमार्गातून आलेले रक्त खोकल्यावाटे बाहेर पडणे, एवढाच त्याचा अर्थ. म्हणजे तुम्ही डॉक्टरांना जे सांगितले तेच त्यांनी ग्रीक शब्दात लिहिले! रक्त का आले, हा प्रश्न त्या कोडने सुटत नाही. लक्षण वेगळे आणि आजार वेगळा हे कागदावर नीट मांडायला जगाला काही शतके लागली, आणि मधल्या काळात चुकीच्या रकान्यातल्या नोंदींची किंमत माणसांनी मोजली. आजचा लेख त्या इतिहासाबद्दल आहे.

'आर ०४' मध्ये काय येते?

जागतिक आरोग्य संघटनेच्या आजारांच्या यादीत (तिला आयसीडी म्हणतात) 'आर' हे अक्षर लक्षणांसाठी राखून ठेवलेले आहे. हे दहाव्या आवृत्तीतले कोड आहेत.

- आर ०४.० : नाकातून रक्त, म्हणजे घोळणा फुटणे
- आर ०४.१ : घशातून रक्त
- आर ०४.२ : खोकल्यातून रक्त
- आर ०४.८ : श्वसनमार्गातील इतर ठिकाणचा रक्तस्राव
- आर ०४.९ : श्वसनमार्गातूनच, पण नेमकी जागा माहीत नाही

उलटीतून पडणारे रक्त यात येत नाही. ते पचनसंस्थेच्या प्रकरणात, 'के ९२.०' या कोडखाली जाते. नवजात बाळाच्या फुफ्फुसातला रक्तस्रावही वेगळ्या ठिकाणी, 'पी २६' मध्ये आहे.

रक्त कोणत्या वाटेने आले?

अशी विभागणी करण्याची कल्पना आपल्याकडे जुनी आहे. चरकसंहितेत 'रक्तपित्ता'चे प्रकार रक्ताच्या वाटेवरून केले आहेत. नाका-तोंडासारख्या वरच्या मार्गाने येणारे ते ऊर्ध्वग, खालच्या मार्गाने जाणारे ते अधोग. ऊर्ध्वग बरे होण्याजोगे, अधोग उपचारांनी आटोक्यात ठेवण्याजोगे आणि दोन्ही मार्गांनी जाणारे असाध्य, असे भाकीतही दिले आहे. वर्गीकरण कशासाठी करायचे, तर पुढे काय होईल ते कळावे आणि उपचार ठरवता यावेत यासाठी. हा हेतू आजही तोच आहे.

लंडनच्या मृत्यूयाद्या

सतराव्या शतकात लंडनमध्ये दर आठवड्याला मृत्यूंच्या याद्या छापल्या जात. मृत्यूचे कारण ठरवायचे काम डॉक्टरांचे नव्हते. त्यासाठी नेमलेल्या वयस्क बायका प्रेत पाहून कारण सांगत. १६३२ सालच्या यादीत 'रक्तस्राव' या कारणाखाली फक्त ३ मृत्यू आहेत आणि 'क्षय' या कारणाखाली १,७९७. खंगून मेलेला जवळजवळ प्रत्येक माणूस क्षयाच्या रकान्यात जाई. या याद्यांचा पहिला बारकाईने अभ्यास करणारा जॉन ग्राँट हा कापडाचा व्यापारी होता. त्याने १६६२ मध्येच शंका व्यक्त केली होती, की घराण्याची अब्रू वाचवायला गुप्तरोगाचे मृत्यू पैसे देऊन क्षयात ढकलले जातात.

पुढे १८३९ मध्ये इंग्लंडच्या नोंदणी कार्यालयातील विल्यम फार यांनी अशीच तक्रार मांडली. एकाच आजाराला तीन-चार नावे आहेत, एकच नाव तितक्याच आजारांना वापरले जाते, आणि मूळ आजाराऐवजी त्यातून उद्भवलेली गुंतागुंत लिहिली जाते. सर्वांनी एकच यादी वापरावी हा त्यांचा आग्रह आजच्या आयसीडीचा पाया ठरला.

रक्तामुळे क्षय, की क्षयामुळे रक्त?

हा प्रश्न आज विचित्र वाटेल. पण एकोणिसाव्या शतकातही अनेक नामवंत डॉक्टर मानत, की आधी फुफ्फुसात रक्तस्राव होतो आणि ते रक्त साचून क्षय होतो. म्हणजे लक्षणालाच कारण समजले जाई. २४ मार्च १८८२ रोजी रॉबर्ट कॉक यांनी बर्लिनमध्ये क्षयाचा जंतू जाहीर केला आणि क्रम स्पष्ट झाला. जंतू आधी, फुफ्फुसाचे नुकसान नंतर, आणि रक्त त्या नुकसानीमुळे. बेडक्यात जंतू शोधता येऊ लागल्यावर 'रक्त पडते' आणि 'क्षय आहे' ही दोन वेगळी विधाने झाली.

मुंबई, १८९६

सप्टेंबर १८९६. मुंबईच्या मांडवी भागात तापाने माणसे मरत होती. मूळचे गोव्याचे डॉ. अकासियो व्हिएगस यांनी ही प्लेगची साथ असल्याचे ओळखले. प्लेग म्हटले की काखेत किंवा जांघेत गाठ, असे सगळे धरून चालले होते. पण काही रुग्णांना गाठ नव्हतीच. ताप, खोकला, रक्ताळलेला बेडका आणि थोड्याच दिवसांत मृत्यू. वरवर पाहता हा न्यूमोनियाच. ग्रँट मेडिकल कॉलेजमधील डॉ. चाइल्ड यांनी १८९७ मध्ये दाखवून दिले, की हा फुफ्फुसाचा प्लेग आहे आणि त्या बेडक्यात प्लेगचे जंतू आहेत.

यात काय पणाला लागले होते ते पाहा. मृत्यू 'न्यूमोनिया' म्हणून नोंदला, की घरातले लोक निर्धास्तपणे रुग्णाजवळ बसत. आणि हा प्लेग तर खोकल्यातूनच पसरणारा! त्यातच सक्तीने वेगळे ठेवण्याच्या भीतीने लोक आजार लपवत. त्यामुळे प्लेगच्या रकान्यातला आकडा खऱ्यापेक्षा कमी राही, आणि शहरातले एकूण मृत्यू नेहमीपेक्षा किती वाढले हे पाहून साथीचा अंदाज बांधावा लागे.

यादी जगभराची झाली

१८९३ मध्ये जाक बर्तियाँ यांनी शिकागोत मृत्यूच्या कारणांची आंतरराष्ट्रीय यादी मांडली. १९०० मध्ये पॅरिसच्या परिषदेत २६ देशांच्या प्रतिनिधींनी तिची पहिली सुधारित आवृत्ती स्वीकारली. १९४८ च्या सहाव्या आवृत्तीपासून ती जागतिक आरोग्य संघटनेकडे आली आणि तिच्यात मृत्यूंबरोबर जिवंत रुग्णांच्या आजारांनाही स्थान मिळाले. घोळणा फुटून सहसा कोणी मरत नाही, त्यामुळे अशा लक्षणांना खरी जागा मिळाली ती यानंतर.

नवव्या आवृत्तीत नाक आणि घसा 'डोके व मान' या गटात, तर खोकल्यातले रक्त 'छाती'च्या गटात होते. १९९० मध्ये मंजूर झालेल्या दहाव्या आवृत्तीने ते सारे 'आर ०४' या एका छत्राखाली आणले. २०२२ पासून अकरावी आवृत्ती लागू झाली आहे, पण बदल सावकाश होत असल्याने तुमच्या कागदांवर अजून बहुधा दहावीचेच कोड दिसतील.

कोड नसला तर काय होते?

१९९३-९४ मध्ये अमेरिकेतील क्लीव्हलँड शहरात काही तान्ह्या बाळांच्या फुफ्फुसात अचानक रक्तस्राव झाला. संशोधकांनी त्या भागातील आधीच्या बालमृत्यूंचीही पुन्हा तपासणी केली. 'अचानक बालमृत्यू' म्हणून नोंदलेल्या काही बाळांच्या फुफ्फुसांतही जुन्या रक्तस्रावाच्या खुणा सापडल्या. देशात अशी आणखी किती बाळे आहेत? हे सांगता येईना, कारण त्यांची नोंद मोठ्या माणसांच्या खोकल्यातील रक्ताच्याच कोडमध्ये होत होती. शेवटी ऑक्टोबर २०१० पासून अमेरिकेने आपल्या यादीत या बाळांसाठी वेगळा कोड सुरू केला.

सुरुवातीला या आजाराचा संबंध ओलसर घरांतल्या बुरशीशी जोडला गेला होता. २००० साली फेरतपासणीत तो पुरावा अपुरा ठरला. म्हणून कोडच्या नावातच 'कारण अज्ञात' असे शब्द आहेत. माझ्या मते असा कोड प्रामाणिक आहे. जेवढे माहीत आहे तेवढेच तो सांगतो.

तुमच्या कागदावर 'आर ०४.२' असेल तर

कारण सापडले की मुख्य कोड बदलतो. बेडक्यात क्षयाचे जंतू सापडले तर 'ए १५', श्वासनलिका कायमच्या रुंदावल्या असतील तर 'जे ४७', फुफ्फुसाचा कर्करोग असेल तर 'सी ३४'. कधी कधी सगळ्या तपासण्या करूनही कारण सापडत नाही, तेव्हा 'आर ०४.२' राहणे योग्यच असते. तपासण्या न करताच तो राहिला असेल तर मात्र काम अर्धवट आहे. म्हणून डॉक्टरांना हे तीन प्रश्न जरूर विचारा :

१. रक्त नक्की फुफ्फुसातून आले, की नाक, हिरड्या किंवा पोटातून?
२. बेडक्याची क्षयासाठी तपासणी झाली का? (सरकारी केंद्रात ती मोफत होते.)
३. एक्स-रे किंवा सीटी स्कॅनमध्ये काय दिसले, आणि पुन्हा कधी दाखवायला यायचे?

एका वेळी बरेच रक्त पडले, किंवा रक्ताबरोबर दम लागला, तर प्रश्नांसाठी थांबू नका. थेट रुग्णालय गाठा. रक्त थोडेच असेल आणि आपोआप थांबले असेल, तरी एकदा छाती तपासून घ्या. आणि आज कपाटातली जुनी फाइल काढून बघा. निदानाच्या रकान्यात फक्त 'आर'चा कोड असेल, तर ती फाइल घेऊन डॉक्टरांकडे पुन्हा एक फेरी मारा.