हॉरोराटाचा मेंढीवाला पंतप्रधान

१८५२ साली न्यूझीलंडच्या लिटल्टन बंदरात सत्तावीस वर्षांचा एक इंग्रज उतरला. जॉन हॉल त्याचं नाव. शिक्षण युरोपात झालेलं, गाठीला अनुभव होता तो व्यापारी पेढीतल्या आणि लंडनच्या टपाल खात्यातल्या कामाचा. हा माणूस पुढे कँटरबरीतल्या मोठ्या मेंढीमालकांपैकी एक झाला आणि देशाचा पंतप्रधानही.

मेंढीमालक म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर खांद्यावर घोंगडी टाकलेला धनगर येतो. इथलं चित्र निराळं. कँटरबरीच्या मैदानात सरकारकडून हजारो एकर माळ खंडाने घ्यायचा, वाळलेलं गवत पेटवून द्यायचं, कोवळं फुटलं की त्यावर मेरिनो मेंढ्या सोडायच्या आणि कातरलेली लोकर गठ्ठे बांधून लंडनला धाडायची. राखायला पगारी माणसं. मालकाचा खरा जीव जमिनीच्या कागदात अडकलेला, कारण खंडाची जमीन उद्या कुणीही विकत मागू शकत होता. माळ मुळात न्गाई ताहू या माओरी लोकांचा. १८४८ साली अवघ्या २,००० पौंडांत सरकारने तो प्रचंड प्रदेश त्यांच्याकडून घेतला होता. राखीव जमिनींची आश्वासनं धड पाळलीच नाहीत. राकाइया नदीच्या बाजूला, हॉरोराटाजवळचं हॉलचं ‘टेरेस स्टेशन’ याच मैदानातलं.

जमीन आली की कायदेमंडळ आलंच. कुरणांचे नियम, खंडाचे दर, रस्ते, पूल सगळं तिथेच ठरायचं, म्हणून मेंढीमालक निवडणुकीला उभे राहत. हॉलला मात्र कारभाराची मुळातच आवड होती. फड गाजवणारा वक्ता नव्हे, फायली वाचणारा माणूस. ऑक्टोबर १८७९ मध्ये जॉर्ज ग्रेचं सरकार पडलं आणि हॉल पंतप्रधान झाला. गंमत अशी की ग्रेच्या पक्षाच्या मागण्या या सनातनी गृहस्थाने स्वतःच कायद्यात आणल्या: प्रत्येक प्रौढ पुरुषाला मत आणि दर तीन वर्षांनी निवडणूक.

पण त्याच सरकारच्या खात्यावर पारिहाका आहे.

तारानाकी प्रांतात माओरींशी झालेल्या युद्धानंतर सरकारजमा केलेल्या जमिनीची मोजणी सुरू झाली, तेव्हा पारिहाका गावच्या ते व्हिटी आणि तोहू या पुढाऱ्यांनी शस्त्र न उचलता विरोध मांडला. त्यांची माणसं गोऱ्यांनी घेतलेल्या शेतांत जाऊन नांगर धरत आणि निमूट अटक करून घेत. हॉल सरकारने खास कायदे करून शेकडो जणांना खटल्याविना तुरुंगात ठेवलं. पुढचं पाऊल अधिकच वाईट. माओरींविषयी सहानुभूती असलेला गव्हर्नर गॉर्डन फिजीला गेला होता. तो परतायच्या आत, १९ ऑक्टोबर १८८१ रोजी, घाईघाईने पारिहाकाला द्यायचा निर्वाणीचा इशारा मंजूर झाला. गॉर्डन त्याच रात्री वेलिंग्टनला पोहोचला. ५ नोव्हेंबरला सुमारे १,६०० सशस्त्र पोलीस आणि स्वयंसेवक गावात शिरले. पुढे होता माओरी खात्याचा मंत्री ब्राइस. समोर गाणारी मुलं होती. पुढाऱ्यांना धरून नेलं, गाव मोडून टाकलं. हुकूम ब्राइसने अंमलात आणला, पण मंत्रिमंडळ हॉलचं होतं. एकट्या ब्राइसवर खापर फोडून भागत नाही. या प्रकरणी सरकारने पारिहाकाची औपचारिक माफी मागितली ती २०१७ साली.

१८८२ मध्ये प्रकृतीमुळे हॉलने पद सोडलं, ‘सर’ झाला. इथेच त्याची गोष्ट संपली असती तर आज कुणाला आठवलाही नसता. पण दारूबंदी चळवळीतल्या केट शेपर्डला स्त्रियांच्या मताधिकारासाठी संसदेत वजनदार माणूस हवा होता, आणि त्या हक्काचा हॉल जुना पुरस्कर्ता. त्याचा हिशेब सरळ होता: घर सांभाळणाऱ्या बायका राजकारणाला स्थैर्य देतील. म्हणजे क्रांती त्याच्या मनात कुठेच नव्हती. १८९३ साली स्त्रियांच्या सह्यांचे कागद एकाला एक चिकटवून, झाडूच्या दांड्याभोवती गुंडाळून शेपर्डने ते त्याच्याकडे सोपवले. हॉलने ते भेंडोळं सभागृहात उलगडलं, तसं ते थेट पलीकडच्या भिंतीला जाऊन धडकलं. त्या वर्षीच्या सर्व अर्जांवर मिळून जवळजवळ ३२,००० सह्या होत्या.

वरिष्ठ सभागृहात पंतप्रधान सेडनने स्त्रियांच्या मताचं विधेयक पाडण्यासाठी पडद्याआडून खटपट केली. ती उघडी पडली, दोन विरोधक चिडून बाजू बदलून बसले आणि २० विरुद्ध १८ मतांनी विधेयक तरलं. १९ सप्टेंबर १८९३ रोजी त्यावर गव्हर्नरची सही झाली. माओरी स्त्रियांनाही मत मिळालं. हॉल त्याच वर्षी संसदेतून निवृत्त झाला, आणि १९०७ मध्ये वारला.

न्यूझीलंडच्या दहा डॉलरच्या नोटेवर आज केट शेपर्ड आहे. हॉल कुठल्याच नोटेवर नाही, आणि पारिहाका लक्षात घेतलं तर त्यात त्याच्यावर अन्याय झाला असं म्हणवत नाही.